२०८ ते २११

केनेडी हत्येवरचा माहितीपट म्हटला की एक चित्रफीत ठरलेली. २२ नोव्हेंबर १९६३ रोजी डॅलसच्या डीली प्लाझात तयार कपड्यांचे कारखानदार एब्राहम झाप्रुडर यांनी ती आपल्या ८ मिमी कॅमेऱ्यावर टिपली. ४८६ फ्रेम्स, साधारण साडेसव्वीस सेकंद. पुरावा म्हणून ती वाचायची तर आधी ती कोणाकोणाच्या हातून गेली, हे पाहावे लागते.

फीत त्याच दिवशी डॅलसमध्ये धुतली गेली आणि तिच्या तीन प्रती निघाल्या. दोन सीक्रेट सर्व्हिसकडे गेल्या. मूळ फीत आणि सारे हक्क ‘लाइफ’ या नियतकालिकाने एकूण दीड लाख डॉलर्सना घेतले. तेथे हाताळताना मूळ फीत खराब झाली आणि २०८ ते २११ या चार फ्रेम्स गेल्या.

हत्येची चौकशी करणाऱ्या वॉरन आयोगाच्या १८व्या खंडात १७१ ते ३३४ या फ्रेम्स छापल्या आहेत. त्यांतही या चार नाहीत. नेमक्या याच सुमारास अध्यक्षांची गाडी रस्त्यावरच्या पाटीआड जाते, आणि त्यांच्या मानेतून गोळी बहुधा २१० ते २२५ या फ्रेम्सच्या दरम्यान गेली, असे आयोग म्हणतो. त्याच खंडात ३१४ आणि ३१५ या फ्रेम्सची अदलाबदल झाली. तो छपाईतला दोष होता, हे एफबीआयने पुढे मान्य केले. पण तोवर संशयाने मूळ धरले होते, आणि माझ्या मते त्याला निष्काळजीपणाच कारणीभूत होता. कारण त्या चार फ्रेम्स पहिल्या दिवशीच्या प्रतींत शाबूत होत्या. अस्सल कागद कसरीने खाल्लेला आणि नकलेत मजकूर पुरा, हे आपल्या दप्तरखान्यांत बसणाऱ्यांना नवे नाही.

राष्ट्रीय दूरचित्रवाणीवर ही फीत हलती दिसली ती मार्च १९७५ मध्ये. आज माहितीपटांत ती संथ होते, मोठी होते, पुन्हा पुन्हा येते. एफबीआयने तोच कॅमेरा तपासून वेग काढला होता, सेकंदाला सरासरी १८.३ फ्रेम्स. दोन गोळ्यांमधले अंतर मोजायला अभ्यासक हेच घड्याळ वापरतात. वेग बदलला की प्रेक्षकाच्या हातून ते जाते. शिवाय ही फीत मूक आहे. तिच्यावर ऐकू येणारी प्रत्येक गोळी नंतर कोणीतरी घातलेली असते.

माहितीपटकारांनी निदान एकदा ही फीत मूळ वेगाने, आवाजाविना दाखवावी, आणि ती कोणत्या प्रतीवरून घेतली हे पडद्यावर लिहावे.