सेव्ह केलेला गेम कोणाचा?

गेम 'सेव्ह' करणं आपण गृहीत धरतो, पण त्यालाही इतिहास आहे बरं का! १९८७ साली अमेरिकेत आलेल्या 'द लेजंड ऑफ झेल्डा'च्या कार्ट्रिजमध्ये चक्क बॅटरी होती. ती संपली की सगळी मेहनत पाण्यात. १९९४ साली जपानमध्ये प्लेस्टेशन आलं. त्याचं मेमरी कार्ड जेमतेम १२८ केबीचं, पण खिशात घालून मित्राकडे नेता यायचं. २००६ च्या प्लेस्टेशन ३ चा बॅकअप यूएसबी ड्राइव्हवर घेता येतो, तरी काही सेव्ह फाइल्स सुट्या कॉपी करायला बंदीच. २०१७ च्या निन्टेन्डो स्विचवर तर सेव्ह मायक्रोएसडी कार्डावर जातच नाही. २०१८ पासून क्लाउड बॅकअप आला, तोही वर्गणी भरून. थोडक्यात काय, जागा वाढत गेली आणि हक्क आटत गेला. शंभर तास खेळायचं आपण, मग किल्ली कंपनीकडे का?