ख्रिस्तपुराणकार फादर स्टीफन्स व गोव्यांतील इंग्रज बंदी

नगर जिल्ह्यांतील ख्रिस्ती मनुष्य त्याच्या शेजाऱ्यांच्या दृष्टीनें नुसता ख्रिस्ती असतो. १८३१ सालीं अहमदनगरास ठाणें घातलेल्या अमेरिकन मराठी मिशनच्या प्रोटेस्टंट पंथाचा तो, कीं मागाहून राहुरी-संगमनेराकडे आलेल्या जेजुइट पाद्र्यांच्या कॅथॉलिक पंथाचा, ही चौकशी पारनेर तालुक्यांतील आमच्या सुप्यासारख्या गांवीं फारसें कोणी करीत नाहीं. (शहाजीराजांच्या जहागिरीचें सुपें तें निराळें, आमचा सुपा पुणें-नगर रस्त्यावरचा.) परंतु याच दोन पंथांच्या वैरानें सोळाव्या शतकांत युरोपखंड होरपळलें, आणि त्या वैराचा एक धागा मराठी वाङ्मयांत येऊन गुंतला आहे. ख्रिस्तपुराण आपण बहुधा जुन्या भाषेचा नमुना म्हणून वाचतों. तो एका परागंदा माणसाचा ग्रंथ आहे, हें लक्षांत घेतल्यावांचून त्याच्या कर्त्याचें चरित्र उलगडत नाहीं, असें आमचें मत आहे.

इंग्लंडांत आठव्या हेन्रीनें १५३४ सालीं पोपचा अधिकार झुगारून दिला. त्याची कन्या मेरी हिनें तो पुन्हां स्थापिला, व तिच्या कारकीर्दींत १५५५ ते १५५८ या अवधींत सुमारें २८० प्रोटेस्टंट जिवंत जाळले गेले. १५५९ त एलिझाबेथच्या हातीं पारडें फिरलें. १५७० सालीं पोपनें तिला बहिष्कृत केल्यावर तर तेथील प्रत्येक कॅथॉलिक राजद्रोहाच्या संशयास पात्र झाला. विल्टशर परगण्यांतील टॉमस स्टीफन्स हा त्यांपैकींच एक. टॉमस पाउंड नामक मित्रासह रोमास जाऊन जेजुइट संघांत शिरावें असा त्याचा बेत होता. पण पाउंड निघण्यापूर्वींच पकडला गेला, आणि पुढें सुमारें तीस वर्षें त्यानें तुरुंगांत काढलीं. स्टीफन्स निसटला. १५७५ सालीं तो रोम येथें संघांत दाखल झाला, व ४ एप्रिल १५७९ रोजीं लिस्बनहून निघून २४ ऑक्टोबरास गोव्यास उतरला. दोनच वर्षांनीं एडमंड कँपियन या इंग्रज जेजुइटास लंडनांत देहान्त शिक्षा झाली, आणि १५८५ च्या कायद्यानें इंग्लंडांत जेजुइट असणें हाच राजद्रोह ठरला. स्टीफन्सची परतीची वाट अशी बंद झाली.

तो ज्या गोव्यांत आला तेथें पारडें नेमकें उलट होतें. १५६० पासून तेथें इन्क्विझिशनचें न्यायासन चालू होतें. त्याचा मुख्य रोख यहुदी वंशाच्या व नव्यानें बाटविलेल्या लोकांवर असला, तरी प्रोटेस्टंट यूरोपियन तेथें सांपडल्यास तो ‘लुतेरानु’, म्हणजे ल्यूथरपंथी पाखंडी, या सदरांत जाई. मग तो ल्यूथरच्या मताचा असो वा नसो. शिवाय १५८० पासून पोर्तुगालचें राज्य स्पेनच्या दुसऱ्या फिलिपकडे गेल्यामुळें इंग्रज हा धर्मानेंही शत्रु आणि राजकारणानेंही शत्रु झाला होता.

अशा वेळीं, १५८३ च्या सप्टेंबरांत, जॉन न्यूबेरी, राल्फ फिच, जवाहिऱ्या विल्यम लीड्स व चितारी जेम्स स्टोरी हे चार इंग्रज हलब व बसऱ्याच्या वाटेनें ओर्मुझास पोंचले. व्हेनिसच्या एका व्यापाऱ्यास हे प्रतिस्पर्धी नकोसे वाटले. त्याच्या चुगलीवरून त्यांस कैद करून जहाजानें गोव्यास धाडण्यांत आलें. हें जहाज दीव, दमण, वसई करीत चौलास लागलें. वरचें चौल तेव्हां मुर्तजा निजामशहाच्या अंमलांत होतें, म्हणजे आमचा मुलूख व फिचनें पाहिलेलें तें बंदर यांचा धनी एकच. नोव्हेंबरच्या अखेरीस हे बंदी गोव्याच्या तुरुंगांत पडले. पोर्तुगालच्या गादीवर हक्क सांगणाऱ्या दों आंतोनियोचे ते हेर असावेत हा एक आरोप, आणि पाखंडी असावेत हा दुसरा. पहिल्यांतून पैशानें सुटतां आलें असतें. दुसरा जिवावर बेतणारा होता.

त्यांच्या साह्यास आले ते दोन जेजुइट: ब्रुज गांवचा एक फ्लेमिश पाद्री आणि टॉमस स्टीफन्स. वर्ष संपण्यापूर्वीं २००० डुकाटांच्या जामिनावर बंद्यांची मोकळीक झाली. हे दोघे पाठीशीं उभे राहिले नसते तर जीव वांचूनही दीर्घकाळ बंदीवास भोगावा लागता, अशा अर्थाचें फिचनें १५८४ च्या जानेवारींत गोव्याहून लिहिलें आहे. आर्चबिशपच्या पदरीं असलेला डच लेखक लिंशोटेन याची साक्ष मात्र इतकी गोड नाहीं. बंद्यांपाशीं द्रव्य आहे असें जाणून जेजुइट त्यांना संघांत ओढूं पाहत होते, असें तो सुचवितो. दोन्ही साक्षी खऱ्या असण्यास हरकत नाहीं. स्टोरी खरोखरच सेंट पॉलच्या मठांत चित्रें रंगविण्यास राहिला. पण व्रत न घेतां बाहेर पडला, व तेथेंच लग्न करून दुकान घालून बसला. बाकीचे तिघे १५८४ च्या एप्रिलांत जामीन टाकून बेळगांव-विजापुराकडे पळाले. लीड्स अकबराच्या चाकरींत राहिला, न्यूबेरी परतीच्या वाटेवर कोठें तरी मरण पावला, आणि एकटा फिच १५९१ त लंडनास परतला. पुढें १६०० सालीं निघालेल्या ईस्ट इंडिया कंपनीनें त्याचाच सल्ला घेतला.

ज्या धर्माच्या राजसत्तेमुळें स्टीफन्सला देश सुटला, त्याच धर्माच्या माणसांना त्यानें सोडविलें. हें औदार्य खरें. पण त्याचें माप बेतानें घ्यावें. ज्या साष्टी प्रांतांत त्यानें आयुष्य घालविलें, तेथील देवळें १५६७ सालीं पोर्तुगीजांनीं पाडलीं होतीं. १५८३ च्याच जुलैंत कुंकळ्ळीच्या गांवकऱ्यांनीं पांच जेजुइटांस ठार मारलें, आणि त्याच्या सुडादाखल गांवच्या पुढाऱ्यांना बोलणीं करण्याच्या निमित्तानें असोळण्याच्या किल्ल्यांत बोलावून त्यांचा वध करण्यांत आला. राजदंडानें लादलेल्या धर्मापासून पळालेला मनुष्य येथें राजदंडाच्याच छायेंत धर्म शिकवीत होता. इंग्रज बंद्यांविषयीं त्याला वाटलें तें स्वदेशीयांविषयींचें ममत्व होतें. कुंकळ्ळीकरांच्या वांट्यास तें येण्याचें कारण नव्हतें.

मात्र त्याचे कान तीक्ष्ण होते. १५८३ च्या ऑक्टोबरांत भावाला लिहिलेल्या पत्रांत इकडील भाषांची घडण ग्रीक व लॅटिन भाषांशीं जुळते असें त्यानें नोंदविलें आहे. सर विल्यम जोन्सचें प्रसिद्ध व्याख्यान त्यानंतर दोनशें वर्षांनीं, १७८६ त झालें. अशा माणसानें पुराणाकरितां ओवी निवडावी यांत नवल नाहीं. १६१६ सालीं रायतूर येथें रोमन लिपींत तें छापलें गेलें; एकंदर ओव्या सुमारें ११,०००. कर्ता १६१९ त वारला. १६४९ व १६५४ सालीं पुन्हां आवृत्ती निघाल्या, आणि १६८४ त व्हाइसरॉयनें देशभाषा तीन वर्षांत सोडण्याचें फर्मान काढलें. तिन्ही आवृत्त्यांची एकही छापील प्रत आज ज्ञात नाहीं. ग्रंथ तगला तो भाविकांनीं हातानें केलेल्या नकलांवर. जोसेफ साल्ढाना यांनीं १९०७ सालीं मंगळूर येथें प्रसिद्ध केलेली आवृत्ति अशा नकलांवरच उभी आहे.

या ग्रंथाची नागरी प्रत उजेडांत आणली ती लंडनच्या स्कूल ऑफ ओरिएंटल स्टडीजमधील मार्सडेन संग्रहांतून, १९२३ सालीं, आणि आणणारे जस्टिन ऍबट हे अमेरिकन मराठी मिशनचे, म्हणजे प्रोटेस्टंट. त्या मिशनच्या मूळ मंडळींत प्युरिटनांची परंपरा मोठी. आणि प्युरिटन म्हणजे इंग्लंडच्या राजधर्माशीं न पटून १६२० पासून अमेरिकेस गेलेले लोक. एकाच राज्याच्या छळानें एक गोव्यास आला, दुसरे अटलांटिकापार गेले, आणि दुसऱ्यांच्या वारसानें पहिल्याची पोथी शोधिली.

रोमन प्रतींत जेथें पोर्तुगीज धर्मसंज्ञा आहेत, तेथें मार्सडेन प्रतींत संस्कृत शब्द योजिले आहेत. यावरून नागरी पाठच मूळ, असें ऍबट यांनीं मानिलें. आम्हांस तें सिद्ध वाटत नाहीं. मागाहूनच्या एखाद्या व्युत्पन्न लेखकानें परकी शब्द वेंचून काढले असणेंही तितकेंच संभवनीय आहे, आणि निर्णय ओव्या समोरासमोर ठेवून पाठभेद लाविल्यानेंच होईल. त्यास आणखी प्रती पाहिजेत. ज्यांच्या घरीं साष्टी-बारदेशाकडून आलेलीं दप्तरें असतील त्यांनीं रोमन अक्षर दिसतांच तें पान पोर्तुगीज समजून बाजूस टाकूं नये. एकदां मोठ्यानें वाचून पाहावें. ओवी असेल तर कानास कळेल.