मोबाइलवरील पीएसपी एम्युलेशन

सोनी कंपनीच्या प्लेस्टेशन पोर्टेबल (पीएसपी) या हातात धरून खेळायच्या कन्सोलचे खेळ एम्युलेटर या सॉफ्टवेअरच्या साहाय्याने स्मार्टफोनवर चालवणे म्हणजे मोबाइलवरील पीएसपी एम्युलेशन होय. पीएसपी १२ डिसेंबर २००४ रोजी जपानमध्ये विक्रीस आला. २०१४ मध्ये त्याचा पुरवठा थांबला.

पीपीएसएसपीपी हा या क्षेत्रातील सर्वाधिक प्रचलित एम्युलेटर आहे. हेन्रिक रिडगार्ड यांनी तो नोव्हेंबर २०१२ मध्ये मुक्त स्रोत स्वरूपात प्रकाशित केला. कन्सोलच्या एमआयपीएस प्रोसेसरसाठीच्या आज्ञा तो खेळ चालू असतानाच फोनच्या एआरएम प्रोसेसरला समजतील अशा आज्ञांत बदलतो. आयफोनच्या अ‍ॅप स्टोअरवर त्याला २०२४ मध्ये प्रवेश मिळाला.

संक्षेपित फाइल

पीएसपीचे खेळ यूएमडी नावाच्या छोट्या तबकडीवर मिळत. तिची क्षमता जास्तीत जास्त १.८ जीबी. तबकडीची जशीच्या तशी प्रत म्हणजे आयएसओ फाइल. सीएसओ प्रकारात हीच फाइल लहान तुकड्यांत विभागून प्रत्येक तुकडा स्वतंत्रपणे दाबला जातो आणि कोणता तुकडा कोठे आहे याची सूची आरंभी ठेवली जाते. त्यामुळे खेळताना हवा तेवढाच तुकडा उलगडला जातो. तबकडीवरील रिकामी भरताड जवळजवळ नाहीशी होते; चित्रफिती व ध्वनी मुळातच दाबलेले असल्याने फारसे घटत नाहीत. म्हणूनच एक-दीड जीबीचा खेळ काही एमबीमध्ये देण्याचा दावा संशयास्पद ठरतो. अशा फाइलमधून बहुधा चित्रफिती वा संगीत काढून टाकलेले असते, आणि मालवेअरचा धोका वेगळाच.

भारतीय खेळ व कायदा

मुंबईच्या ट्राइन गेम्सचा 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' (२०१०) आणि हैदराबादच्या गेमशास्त्रचा, देशी खेळांवर आधारलेला 'देसी अड्डा' (२००९) हे पीएसपीसाठीही निघाले होते. चालू स्थितीतील कन्सोल दुर्मीळ होत असताना असे खेळ पुन्हा पाहण्याचा एम्युलेशन हा व्यवहार्य मार्ग आहे. अडचण प्रतीची आहे. भारतीय प्रताधिकार कायदा, १९५७ च्या कलम ५२(१)(कक) नुसार संगणक प्रणालीची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्यास नुकसानीपासून संरक्षणापुरती राखीव प्रत काढता येते. बेकायदेशीर प्रतीचा जाणीवपूर्वक वापर मात्र कलम ६३ख खाली गुन्हा आहे. यूएमडी फोनला जोडता येत नाही आणि तिचे स्वतंत्र वाचकयंत्रही बाजारात आले नाही. स्वतःच्या तबकडीची प्रत काढण्यासाठी चालू स्थितीतला पीएसपीच लागतो.