रविवार, ४ फेब्रुवारी १८७२ची रात्र

मुंबईच्या आकाशात ध्रुवीय प्रकाश दिसला असं कुणी म्हटलं तर आपण विश्वास ठेवणार नाही. ६ फेब्रुवारी १८७२च्या ‘टाइम्स ऑफ इंडिया’त मात्र तशी बातमी आहे. तिचा गोषवारा असा: रविवारी सूर्यास्तानंतर प्रभा अंधूक दिसू लागली, तिचे रंग सारखे पालटत राहिले, पहाटे तीनच्या सुमारास ती गडद जांभळी होऊन ऐन भरात आली आणि सोमवारी उजाडेपर्यंत टिकली. समुद्राखालच्या आणि सरकारी तारांच्या कामातही त्या वेळी व्यत्यय आला.

एवढ्या एका कागदावर विसंबणं धोक्याचं आहे. मुंबई १९ अंश उत्तर अक्षांशावर. पृथ्वीच्या चुंबकीय विषुववृत्तापासून मोजलं तर चुंबकीय अक्षांश जेमतेम १० अंश. रात्रीच्या आकाशातली लाली पाहून माणसं फसल्याची उदाहरणं थोडी नाहीत. पण तारांमधला बिघाड डोळ्यांना झालेल्या भासातून येत नाही. शिवाय बातमीत वेळा दिलेल्या आहेत, म्हणून ती तपासता येते.

तपासायला दुसरा साक्षीदार शहरातच होता. कुलाब्याची वेधशाळा १८२६ साली खगोलवेधांसाठी आणि जहाजांना अचूक वेळ पुरवण्यासाठी उभी राहिली. १८४१पासून तिथे चुंबकीय नोंदीही सुरू झाल्या. टांगलेल्या चुंबकाची हालचाल पट्टीवर वाचून आकडा वहीत उतरवायचा, असं ते काम. एरवी तासातासाला नोंद होई. सुई बिथरली की पंधरा, प्रसंगी पाच मिनिटांनी. हे काम कंटाळवाणं खरं, पण मला त्याचं मोल त्या रात्रीच्या झगमगाटापेक्षा जास्त वाटतं.

याच वह्यांनी १८५९चं चुंबकीय महावादळ जपलं. १ सप्टेंबरला रिचर्ड कॅरिंग्टन यांनी इंग्लंडमधून सूर्यावरचा स्फोट पाहिला. त्यानंतर सुमारे साडेसतरा तासांनी वादळ पृथ्वीवर थडकलं आणि कुलाब्यातल्या क्षैतिज चुंबकीय बलाची नोंद सुमारे १६०० नॅनोटेस्लांनी कोसळली. इंग्लंडमधल्या यंत्रांची रेघ तर कागदाबाहेर गेली होती. कुलाब्यात तेव्हा सकाळचे अकरा वाजत आले होते. लख्ख उन्हात प्रभा दिसण्याचा प्रश्नच नव्हता. मुंबईकडे त्या दिवसाचे आकडे आहेत, आकाशाचं वर्णन नाही.

१८७२ साली दोन्ही एकत्र आलं. अलीकडच्या अभ्यासकांनी कुलाब्याच्या नोंदींवरून त्या रात्रीच्या वादळाची तीव्रता ८३० नॅनोटेस्लांच्या घरात धरली आहे. मार्च १९८९मध्ये कॅनडातल्या क्वेबेकची वीज घालवणारं वादळ ५८९चं होतं. तिसरा पुरावा शांघायचा: तिथे प्रभा थेट डोक्यावर आल्याचं वर्णन मिळतं. ध्रुवीय प्रकाशाचा वरचा भाग शेकडो किलोमीटर उंचीवर असतो, त्यामुळे तो दूरवरूनही दिसतो. शांघायसारख्या ठिकाणी तो माथ्यावर असेल, तर मुंबईच्या उत्तर क्षितिजावर त्याची कड दिसणं भूमितीत बसतं.

वेळेची एक अडचण उरते. त्या काळी हिंदुस्थानात एकच घड्याळ नव्हतं. मुंबईची स्थानिक वेळ ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे, तर रेल्वेने पत्करलेली मद्रासची वेळ मुंबईच्या अर्धा तास पुढे. बातमीतले पहाटेचे तीन यांपैकी कुठल्याही घड्याळाचे मानले, तरी फरक अर्ध्या तासाचा पडतो आणि रात्रभर चाललेल्या वादळाच्या चौकटीत दोन्ही वेळा बसतात. म्हणून बातमी खरी मानायला माझी हरकत नाही.

या वह्यांची साखळी पुढे विजेच्या ट्रामपायी तुटायची वेळ आली होती. विजेचा प्रवाह चुंबकीय नोंदी बिघडवणार, हे ओळखून वेधशाळेचे प्रमुख नानाभाई मूस यांनी अलिबागला नवं ठाणं उभारलं आणि १९०४ ते १९०६ दोन्हीकडे एकाच वेळी वाचनं घेतली, म्हणजे जुने आणि नवे आकडे एकमेकांशी ताडून बघता येतील. त्यामुळेच १८७२च्या त्या रात्रीचा आकडा आज अलिबागला नोंदल्या जाणाऱ्या आकड्याशेजारी ठेवता येतो.