धानाची जागल: भंडारा जिल्ह्यातील रात्रीच्या राखणीचा इतिहास

जागल, म्हणजे उभ्या पिकाच्या राखणीसाठी शेतात रात्र काढण्याची रीत, भंडारा जिल्ह्यात धानाच्या शेतीइतकीच जुनी असावी. कारण वैनगंगेच्या या खोऱ्यात बांध्या, म्हणजे धुरे घालून पाणी अडवलेले धानाचे तुकडे, पुष्कळ ठिकाणी थेट जंगलाला भिडतात आणि दाणा भरू लागला की रानडुकरांचा कळप एका रात्रीत पीक लोळवून टाकतो. हलके धान दिवाळीच्या सुमारास हाती येते, भारी धान मात्र त्यानंतरही उभे असते, त्यामुळे जागल थंडीपर्यंत लांबते. मचाणापासून बांधीच्या टोकापर्यंत दोरी ताणून तिला रिकामे डबे टांगायचे आणि खसफस ऐकू आली की ती ओढायची, एवढेच राखणदाराचे साधन. डब्यांच्या आवाजाने पळाले ते डुक्कर होते की वाघ, हे त्याला सकाळी पाऊलखुणा पाहूनच कळते.

मालगुजारीच्या काळात, म्हणजे सरकारला सारा भरणाऱ्या मालगुजाराकडे गावाची मालकी असताना, तलाव बांधण्यात निष्णात असलेल्या कोहळी समाजाच्या तलावांवर पाणी पाळीने सोडणारा पाणकर असे आणि मालगुजाराच्या शेतीवर सालदार राबत, त्यामुळे रात्रीच्या शिवारात हाकेला ओ देणारे कोणी असण्याचा संभव अधिक होता. ती व्यवस्था न्याय्य होती असे मात्र मुळीच नव्हे. 1951 मध्ये मालगुजारी संपून तलाव शासनाकडे गेले आणि पाणकराची घडी विस्कटली. तुकड्यांत विभागलेल्या शेतीला गडी परवडेनासा झाला, तेव्हा जागल घरच्याच एका माणसावर आली.

1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकारीवर बंधने आणली, जी आवश्यकच होती. पुढे 2012 मध्ये पवनी तालुक्यापर्यंत पसरलेले उमरेड-कऱ्हांडला आणि 2013 मध्ये कोका ही अभयारण्ये झाली. जंगल राखण्याचा निर्णय सर्वांच्या नावे झाला, त्याची रात्रपाळी मात्र जंगलाकाठच्या शेतकऱ्याच्या वाट्याला आली.

उन्हाळी धान वाढल्यावर रात्री शेतात जाण्याला दुसरे कारण मिळाले. कृषिपंपांना वीज अनेकदा रात्रीच मिळत असल्याने, राखण नसतानाही शेतकऱ्याला मोटार सुरू करण्यासाठी अंधारात धुऱ्यावरून जावे लागते. 2017 मध्ये सुरू झालेल्या मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजनेचा हेतू दिवसा वीज देणे हाच आहे, आणि तिची अंमलबजावणी प्रथम जंगलाला लागून असलेल्या गावांत व्हायला हवी.