अंकुराची वाढ

अंकुराची वाढ : धुंडिराज गोविंद तथा दादासाहेब फाळके (३० एप्रिल १८७०–१६ फेब्रुवारी १९४४) यांचा १९१२ मधील मूक लघुपट. लांबी मिनिटभराहून थोडी अधिक. कुंडीत पेरलेला वाटाणा रुजतो, मातीतून वर येतो आणि त्याचा वेल होतो, एवढाच विषय. पुढच्याच वर्षी आलेल्या त्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ या चित्रपटाच्या कीर्तीपुढे हा लघुपट फाळक्यांच्या चरित्रातला एक किस्सा होऊन बसला; पण काळाशी खेळण्याचे सिनेमाचे सामर्थ्य त्यांनी प्रथम आजमावले ते इथेच.

विमा पॉलिसी गहाण टाकून फाळके १९१२ च्या फेब्रुवारीत लंडनला गेले. तेथे त्यांनी विल्यमसन कॅमेरा आणि फिल्मला छिद्रे पाडण्याचे यंत्र यांची मागणी नोंदवली व एप्रिलच्या आरंभी ते परतले. कच्ची फिल्म तेव्हा बिनछिद्रांची येई. तिच्या दोन्ही कडांना अंधारात, हाताच्या अंदाजाने छिद्रे पाडावी लागत. पत्नी सरस्वतीबाई हे काम शिकल्या. यंत्रे आली तरी चित्रपटासाठी भांडवल नव्हते, आणि पैसे देणाऱ्याला पडद्यावर काही दाखवल्याशिवाय पटणार नव्हते.

म्हणून फाळक्यांनी कुंडीसमोर कॅमेरा रोवला आणि सुमारे महिनाभर थोडे थोडे चित्रण केले. ‘रोज एक फ्रेम’ ही नेहमी सांगितली जाणारी गोष्ट मात्र हिशेबात बसत नाही. मूकपटाचा वेग सेकंदाला सुमारे १६ फ्रेम धरला, तर मिनिटाला ९६० लागतात. महिन्याच्या तीस फ्रेम दोन सेकंदांतच संपतील. म्हणजे दिवसाकाठी तीसेक फ्रेम तरी घेतल्या असल्या पाहिजेत, आणि त्याही कुंडी वा कॅमेरा तसूभर न हलवता. ब्रिटनमध्ये पर्सी स्मिथ यांनी १९१० मध्ये याच तंत्राने फुले उमलताना दाखवली होती. फाळक्यांचा लघुपट निवडक लोकांनी पाहिला, आणि यशवंतराव नाडकर्णी यांच्यासारख्यांनी कर्ज देऊ केले. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमात झळकला.

एकेक फ्रेम घेण्याची ही युक्ती फाळक्यांनी पुढे ‘आगकाड्यांची मौज’मध्ये वापरली, त्यात काड्या आपसूक हलतात. हे दोन्ही लघुपट आज उपलब्ध नाहीत. तेव्हा वापरात असलेली नायट्रेट फिल्म झटकन पेट घेते, आणि नुसती पडून राहिली तरी कुजते. शिवाय पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन व्हायला १९६४ उजाडले. त्यामुळे ‘अंकुराची वाढ’ची माहिती आठवणी व चरित्रे यांतूनच घ्यावी लागते. ‘राजा हरिश्चंद्र’ची उरलेली रिळे मूळ आवृत्तीची की १९१७ च्या पुनर्निर्मितीची, याबद्दलही अभ्यासकांत मतभेद आहेत. ‘चित्रपट कसे तयार करतात’ या १९१७ च्या पटाचा काही भाग मात्र शिल्लक आहे. त्यात फाळके नटांना सूचना देताना आणि फिल्म हाताळताना दिसतात. त्यांच्या कामाची रीत प्रत्यक्ष पाहायची तर मुख्य आधार हाच.