६७ गुणांची गोष्ट

आज जरा लांबच्या देशाबद्दल बोलायचं आहे, पण गोष्ट सुरू होते ती आपल्याच गटाच्या बैठकीत.

मागच्या पावसाळ्यात पनवेलजवळच्या आमच्या एका गटाची मासिक बैठक होती. बचत गोळा झाली, हप्ते जमा झाले आणि कर्जमागणीचा विषय निघाला. एक वहिनी म्हणाल्या, "मला पन्नास हजार पाहिजेत. वरचे एक लाख मी पाटल्या ठेवून उभे करते." कशासाठी, विचारलं. तर मुलाला कॅनडाला पाठवायचं. मुलगा बी.कॉम., वय सत्तावीस, दोन वर्षं हिशेबाचं काम करतोय. एका एजंटने कागदावर बेरीज करून दिली होती. पास व्हायला ६७ गुण लागतात, मुलाचे ६८ भरतात, दीड लाख भरा, काम झालंच म्हणून समजा.

वहिनींनी तो कागद ब्लाउजच्या घडीतून काढून सगळ्यांना दाखवला. बेरीज बरोबर होती. तरी मला काहीतरी खटकलं, म्हणून मी म्हटलं, कर्जाचा ठराव पुढच्या बैठकीत घेऊ. वहिनी थोड्या नाराज झाल्या. मधल्या महिन्यात मी या गुणांच्या मागे लागले आणि बरंच वाचलं. त्यातलं तुम्हाला सांगते.

गुण देऊन माणूस पारखायचा, हे आपल्याला नवीन नाही. बँकेचं कर्ज मिळण्याआधी आपल्या गटाचं ग्रेडिंग होतं. साहेब येतात, वह्या बघतात. बैठका नियमित आहेत का, हजेरी किती, बचत वेळेवर आहे का, अंतर्गत कर्ज फिरतं का, परतफेड कशी, हिशेब लिहिलेला आहे का, प्रत्येकाला गुण. १९९२ मध्ये नाबार्डने बचत गट बँकेला जोडायला सुरुवात केली. त्याआधी बिनतारण कर्ज हवं असेल तर कुणाची तरी ओळख लागायची. गुण आले आणि ओळखीऐवजी वही बोलायला लागली. परदेशाच्या दारातही असंच घडलं, फक्त तिथली आधीची कहाणी जास्त कडू आहे.

शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी त्या दारात गुण नव्हते, रंग बघत. ऑस्ट्रेलियाने १९०१ मध्ये श्रुतलेखनाची परीक्षा काढली. अधिकारी युरोपातल्या कुठल्याही भाषेतले पन्नास शब्द सांगणार आणि आलेल्या माणसाने ते लिहायचे. भाषा कुठली, ते अधिकारी ठरवणार. इंग्रजी येणाऱ्याला ते दुसऱ्याच एखाद्या भाषेतला उतारा घालू शकत. नापास करण्यासाठीच काढलेली परीक्षा ती, आणि १९५८ पर्यंत चालली!

कॅनडाची युक्ती आणखी वेगळी. १९०८ मध्ये नियम केला की आपल्या देशातून निघून कुठेही न थांबता, एकाच तिकिटावर जो येईल त्यालाच उतरू देऊ. नियमात भारताचं नाव कुठेच नाही. पण भारतातून थेट कॅनडाला जाणारी बोटच नव्हती. १९१४ मध्ये 'कोमागाता मारू' ही बोट ३७६ प्रवासी घेऊन व्हँकुव्हरच्या बंदरात गेली. बहुतेक पंजाबी शीख होते. दोन महिने बोट बंदरात उभी ठेवली, आणि थोडेजण सोडून बाकी सगळ्यांना परत पाठवलं. कलकत्त्याजवळ बजबजला ती परत आली तेव्हा इंग्रज सरकारच्या पोलिसांनी गोळीबार केला, माणसं मेली. या प्रकरणाबद्दल कॅनडाच्या पंतप्रधानांनी संसदेत माफी मागितली ती २०१६ मध्ये.

दार उघडायच्या रीती वेगवेगळ्या असतात, हे आपल्या पनवेलनेही पाहिलंय. गावातलं बेथ एल हे बेने इस्रायली लोकांचं सिनेगॉग १८४९ चं. तेल गाळणारे आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारे, म्हणून आपल्याकडे त्यांना शनिवार तेली म्हणत. आडनावंही आपल्या गावांचीच: पेणकर, रोहेकर, चेऊलकर. घरात मराठी बोलणारे हे लोक. १९५० मध्ये इस्रायलने कायदा केला की जगातल्या कुठल्याही ज्यू माणसाला तिथे येऊन राहायचा हक्क आहे, आणि रायगडातली, मुंबईतली कितीतरी कुटुंबं निघाली. शिक्षण किती, वय किती, कुणी विचारलं नाही. जन्म पुरेसा होता. पण तिथे पोचल्यावर लग्नाच्या वेळी धर्मपीठाने चौकशी लावली: आई कोण, आजी कोण, तिची आई कोण. बायकांच्या पिढ्यांचा दाखला मागितला. लोक चिडले, रस्त्यावर उतरले, आणि हे लोक सर्व अर्थांनी ज्यूच आहेत असं १९६४ मध्ये तिथल्या सरकारला जाहीर करावं लागलं. जन्मावर मिळालेला हक्क असा जन्मावरच अडला.

आता पुन्हा कॅनडाकडे. स्वातंत्र्यानंतर भारताशी करार झाला, १९५१ पासून वर्षाला १५० भारतीय घेऊ. एवढ्या मोठ्या देशातून दीडशे. पुढे ते तीनशे केले. १९६२ मध्ये रंगाची अट नियमातून बहुतेक गेली. पण मग घ्यायचं कुणाला हे ठरवणार कोण? अधिकाऱ्याच्या मर्जीवर सोडलं तर जुनंच चालू राहणार. म्हणून १ ऑक्टोबर १९६७ पासून त्यांनी गुण लावले. सगळ्या जगात पहिल्यांदा.

तो तक्ता मी मुद्दाम वहीत उतरवून घेतला. एकूण शंभर गुण, पास व्हायला पन्नास. शिक्षणाला वीस, शिकलेल्या प्रत्येक वर्षाला एक. तुमच्या कामाला तिथे मागणी किती, याला पंधरा. कामातल्या कसबाला दहा. वयाला दहा, पण पस्तिशी ओलांडली की दरवर्षी एक कमी. नोकरी आधीच ठरली असेल तर दहा. इंग्रजी-फ्रेंचला दहा. जिथे राहणार तिथे रोजगार किती, याला पाच, आणि नातेवाईक असेल तर पाच. राहिले पंधरा, ते अधिकाऱ्याने मुलाखतीत द्यायचे: माणसात जिद्द आहे का, पुढाकार घेतो का, जुळवून घेईल का. म्हणजे साहेबाची मर्जी पूर्ण गेली नाही, शंभरातून पंधरावर आली. मला विचाराल तर तेवढं येणंसुद्धा लहान नव्हतं.

हा तक्ता मी पुढच्या बैठकीत वाचला तेव्हा एक मावशी म्हणाल्या, "माझे मोज की गं." सातवी शिकलेल्या, म्हणजे शिक्षणाचे सात. वय सत्तेचाळीस, तिथे शून्य. भाषा शून्य. भाताची लावणी, म्हशी, वीस वर्षं पापडाचा धंदा, यांना काय द्यायचं यावर बराच वाद झाला, कारण कसब आहे पण कागद नाही. शेवटी जिद्दीचे पंधरापैकी पंधरा सगळ्यांनी एकमताने दिले. तरी मावशी नापासच!

हसलो खरं, पण गुणांची खरी गोम तिथेच आहे. ज्याचा कागद आहे तेच मोजलं जातं. १९६७ नंतर आपल्याकडून गेले ते इंजिनियर, डॉक्टर, प्राध्यापक. मराठी मंडळी टोरांटोत इतकी जमली की तिथून 'एकता' नावाचं मराठी त्रैमासिक निघालं. पण अर्ज बहुधा नवऱ्याच्या नावाने. गुण त्याचे मोजले जायचे, बायको त्याच्यावर अवलंबून म्हणून सोबत जायची. ती एम.ए. असो की शिक्षिका, त्या बेरजेत तिचा रकानाच नव्हता. २००२ च्या कायद्यानंतर जोडीदाराच्या शिक्षणाला थोडे गुण आले. आताच्या मोजणीत नवरा-बायको मिळून अर्ज केला तर जोडीदाराचे चाळीसपर्यंत गुण धरतात, त्यातले वीस नुसत्या भाषेचे. आणि ज्याचे जास्त भरतात त्याने मुख्य अर्जदार व्हावं, ती बायको असली तरी चालतं. लेकीचं शिक्षण लग्नासाठी मधेच सोडवणाऱ्या घरांनी हे जरूर ऐकावं.

पुढे हीच पद्धत ऑस्ट्रेलियाने, न्यूझीलंडने, मग ब्रिटननेही उचलली. अमेरिकेने मात्र नाही. तिकडे अजून कंपनी बोलावते किंवा नातेवाईक बोलावतात.

आता वहिनींच्या कागदाकडे येऊ. त्यातले ६७ गुण खरे आहेत. कॅनडाच्या एका कुशल कामगार योजनेत शंभरपैकी ६७ लागतात. मुलाची पदवी तिथल्या पदवीच्या बरोबरीची आहे असा दाखला मिळाला तर २१. वयाचे १२. दोन वर्षांच्या अनुभवाचे ११. आणि इंग्रजीचे २४. बेरीज ६८. पण इंग्रजीचे २४ मिळायला आयईएल्ट्सच्या परीक्षेत ऐकण्यात ८ आणि वाचणं, लिहिणं, बोलणं या तिन्हींत ७ यावे लागतात. मुलाने परीक्षा दिलीच नव्हती. एजंटने आपल्या मनाने पूर्ण गुण टाकले होते. चारही बाबतींत एक पायरी खाली आला तर २४ चे २० होतात आणि बेरीज ६४, म्हणजे नापास.

समजा पास झाला. तरी व्हिसा नाही मिळत, हे त्या कागदावर कुठेच नव्हतं. ज्यांच्या घरात पोलीस भरतीला बसलेली मुलं आहेत त्यांना हे लगेच कळेल. मैदानी पास होणं वेगळं आणि यादीत नाव लागणं वेगळं. कॅनडाने १ जानेवारी २०१५ पासून दुसरी मोजणी सुरू केली, ती बाराशे गुणांची. ६७ वाले सगळे एका यादीत जातात, तिथे बाराशेपैकी गुण लागतात, आणि ठरावीक दिवसांनी वरच्यांना बोलावणं येतं. याच मुलाचे तिथे किती होतात ते मी मांडून पाहिलं, परीक्षेत उत्तम गुण मिळाले असं धरून. वयाचे ११०, पदवीचे १२०, इंग्रजीचे १२४, पदवी आणि भाषा एकत्र म्हणून २५, अनुभव आणि भाषा एकत्र म्हणून २५. एकूण ४०४. अलीकडच्या वर्षांत सर्वसाधारण यादीत बोलावणं आलं ते पाचशेच्या वरच्यांना. २०२३ पासून आरोग्यसेवा, सुतार-इलेक्ट्रिशियनसारखी कामं, फ्रेंच येणारे अशा वेगळ्या याद्याही काढतात. फ्रेंचवाल्यांना खूप कमी गुणांत बोलावणं आलंय. एखाद्या प्रांताने शिफारस केली तर एकदम ६०० मिळतात. पण नुसत्या ६८ च्या भरवशावर पाटल्या गहाण टाकायच्या, हा हिशेब बसत नाही.

वयाचं गणित तर दुधासारखं, ठेवलं की नासतं. एकट्या अर्जदाराला एकोणतिसाव्या वर्षापर्यंत पूर्ण ११०, तिसाव्याला १०५, पस्तिसाव्याला ७७, चाळिशीला ५०, पंचेचाळिशीला शून्य. एजंट 'थांबा, पुढच्या यादीत लागेल' म्हणत दोन-तीन वर्षं काढतो तेव्हा हे गुण खाली येत असतात.

नियमही बदलत राहतात. नोकरीचं पत्र असेल तर बाराशेच्या मोजणीत आधी जादा गुण मिळत. ती पत्रं विकली जायला लागली, म्हणून मार्च २०२५ मध्ये ते गुणच काढून टाकले. आजही कुणी 'नोकरीचं पत्र देतो, गुण वाढतील' असं सांगत असेल तर त्याला ही तारीख सांगा.

आयटीआय झालेल्या मुलांच्या आयांसाठी एक गोष्ट. जर्मनीने १ जून २०२४ पासून संधी-कार्ड काढलंय, त्यातही गुण आहेत आणि सहा पुरतात. आधी दोन वर्षांचं सरकारमान्य प्रशिक्षण किंवा पदवी लागते आणि थोडी जर्मन किंवा बरी इंग्रजी लागते. मग पस्तिशीच्या आत असाल तर दोन गुण, अलीकडच्या अनुभवाला दोन किंवा तीन, जर्मन भाषेला पायरीप्रमाणे एक ते तीन. एक वर्ष तिथे राहून नोकरी शोधायची मुभा मिळते, पण त्या वर्षाचा खर्च आपल्याकडे आहे हे दाखवावं लागतं. आपल्या राज्य सरकारनेही २०२४ मध्ये जर्मनीच्या बाडेन-वुर्टेम्बर्ग राज्याशी कुशल माणसं पाठवण्याचा करार केलाय. इलेक्ट्रिशियन, प्लंबर, नर्स अशी कामं त्यात आहेत.

या सगळ्यात एक बरं आहे की तक्ते उघडे आहेत. कॅनडा सरकारच्या संकेतस्थळावर गुण मोजायचं पान फुकट आहे, मुलं मोबाइलवर करू शकतात. पैसे घेऊन कुणी तुमच्या वतीने अर्ज करणार असेल तर त्याच्याकडे तिथला परवाना हवा. परवानाधारक सल्लागारांची नावं तिथल्या संस्थेच्या जाहीर यादीत बघता येतात, वकिलांची त्यांच्या संघटनेत. वहिनींच्या एजंटचं नाव आम्ही शोधलं. कुठेच नव्हतं.

पुढच्या बैठकीत मी हे सगळं फळ्यावर मांडलं. मुलालाही बोलावलं होतं, तो दाराजवळ उभा राहून ऐकत होता. वहिनी बराच वेळ ४०४ आणि ५०० या आकड्यांकडे बघत बसल्या. मग म्हणाल्या, "पन्नास हजार नको. परीक्षेची फी आणि क्लास मिळून किती लागतील तेवढेच लिही." मुलाने आकडा सांगितला. कर्ज मंजूर झालं, दहा हप्ते. पाटल्या वहिनींच्या हातातच आहेत. परवा रस्त्यात भेटल्या तेव्हा म्हणाल्या, पोरगा लिहिण्यात अजून सहावर अडकलाय, आणि धाकटीला आता फ्रेंचचा क्लास लावायचाय, पनवेलमध्ये कुठे आहे का गं?